हरताळ फासतात म्हणजे नक्की काय फासतात?

(हा भाग ऐकायला वेळ नसेल त्यांच्यासाठी लिहून काढलाय. रेकॉर्डिंगमध्ये मी मधेमधे भरकटलोय, ते थोडं कापलं. सगळं नाही कापलं.)

आजचा भाग एका दगडाच्या नावावर आहे. दगड म्हणजे खनिज. तुम्ही ते बहुतेक कधी पाहिलेलं नाही, पण त्याचं नाव तुम्ही वर्तमानपत्रात आठवड्यातून एकदा तरी वाचता. ‘नियमांना हरताळ’, ‘आश्वासनांना हरताळ’, ‘न्यायालयाच्या आदेशाला हरताळ’. २०२० च्या लॉकडाऊनमध्ये तर दुकानासमोर चार माणसं जास्त उभी राहिली की दुसऱ्या दिवशी बातमीत हरताळ फासलेला असायचा.

ऑफिसात मी पाच जणांना विचारलं, हरताळ म्हणजे काय? चौघांनी सांगितलं, संप. बंद. पाचवा म्हणाला, ‘काहीतरी निगेटिव्ह असतंय भावा.’ सगळे इंजिनिअर, सगळे मराठी माध्यमातले. आणि खरं सांगतो, या वर्षीच्या महाशिवरात्रीपर्यंत मलाही याहून जास्त माहीत नव्हतं.

मी मूळचा नेसरीचा. गडहिंग्लज तालुका, कोल्हापूर जिल्हा. नेसरी म्हटलं की पुढचा माणूस लगेच म्हणतो, ‘हां, प्रतापराव गुजर!’ बरोबर आहे. २४ फेब्रुवारी १६७४, महाशिवरात्र, समोर बहलोलखानाची फौज आणि इकडे सरनौबत प्रतापराव आणि त्यांच्यासोबत सहा जण. त्याच्या आदल्या वर्षी उमराणीला खान हातात आलेला असताना प्रतापरावांनी सोडून दिला होता आणि महाराजांनी त्याबद्दल खरमरीत कानउघाडणी केली होती. ती चूक पुसायला ते खिंडीत शिरले. पुढे कुसुमाग्रजांनी कविता लिहिली आणि सात हा आकडा महाराष्ट्राच्या तोंडी बसला. आमच्या गावात महाशिवरात्र त्यामुळे डबल असते. शंकराची पण आणि त्या सात जणांची पण.

आजचा विषय तो नाही, पण दिवस तोच आहे. आमच्या घरात त्या दिवशी शिवलीलामृत वाचतात. श्रीधर कवींनी शके १६४० मध्ये, म्हणजे १७१८ साली, बारामतीत पूर्ण केलेला ग्रंथ. बहुतेक घरांत छापील प्रत असते. आमच्याकडे छापील आहेच, पण लाल फडक्यात बांधलेली एक हाताने लिहिलेली पोथीपण आहे. कुणी लिहिली, कुणासाठी लिहिली, घरात कुणालाच ठाऊक नाही. आबा होते तेव्हा ते त्यातूनच वाचायचे. आता आज्जी वाचते. वाचते म्हणजे तिला पाठ आहे, पान फक्त समोर असतं.

मी काय केलं, दोन वर्षांपूर्वी घरी गेलो होतो तेव्हा शहाणपणा करून पूर्ण पोथी मोबाईलवर स्कॅन केली. स्कॅनिंगच्या ॲपमध्ये तो ब्लॅक अँड व्हाइट फिल्टर असतो ना, ज्याने बिलं-बिलं एकदम क्लीन दिसतात, तो लावला. पानांचा पिवळटपणा गेला, डाग गेले, अक्षर काळंकुळकुळीत. पीडीएफ केली आणि फॅमिली ग्रुपवर टाकली. सगळ्यांनी अंगठे दिले. मला वाटलं, झालं, वारसा वाचवला.

या वर्षी आज्जीला खोकला होता म्हणून माझा चुलतभाऊ टॅबवर ती पीडीएफ उघडून वाचायला बसला. आज्जी डोळे मिटून ऐकत होती. एका ठिकाणी तिने हात वर केला. म्हणाली, ‘अरं, ती ओवी एकदा झाली न्हवं. दोनदा काय म्हणालास?’

तो म्हणाला, ‘दोनदाच लिहिलीय आज्जी, बघ की.’

‘न्हाई लिवलेली. आण पोथी.’

पोथी काढली. ते पान उघडलं. तिथे दुसऱ्या ओवीवर पिवळाधमक पट्टा होता. हळदीसारखा, पण हळदीपेक्षा जड, जरा चकाकणारा. पट्ट्याचा रंग ठिकठिकाणी झिजला होता आणि खालची अक्षरं डोकावत होती. ज्याने पोथी उतरवली त्याची नजर चुकली असणार. जवळजवळच्या दोन ओव्यांचे शेवट सारखे होते, त्यामुळे एक ओवी परत लिहिली गेली. मग ते त्याच्या लक्षात आलं आणि त्याने ती पिवळ्याने पुसली. शंभर-दीडशे वर्षं ती चूक पुसलेली राहिली. माझ्या फिल्टरने पिवळ्याला पांढरं केलं, खालच्या काळ्याला आणखी काळं केलं, आणि चूक परत जिवंत झाली.

आमच्या धंद्यातल्या लोकांना हे लगेच कळेल. डेटाबेसमधली ओळ आपण खरोखर उडवत नाही, तिच्यापुढे ‘डिलीटेड’ अशी खूण करतो. मी ओळ कॉपी केली, खूण कॉपी केली नाही.

मी आज्जीला विचारलं, हे पिवळं काय आहे? ती म्हणाली, ‘हळद हाय. पूजंची सांडली आसंल.’ घरात सगळे असंच समजत आलेत. पण हळद अशी ओवी बघून, सरळ रेषेत, सुरुवातीपासून शेवटापर्यंत मोजून सांडत नाही. पानांच्या शिवेत थोडी पिवळी पूड गळून पडली होती. तिच्यातला कण कागदावर घेऊन साबणाच्या पाण्याचा थेंब टाकला. हळद असती तर लाल झाली असती (कुंकू हळद आणि चुन्यापासून करतात ते याच गुणामुळे). ही पिवळीच राहिली. लॅबमध्ये तपासलेलं नाही, त्यामुळे शंभर टक्के सांगत नाही. पिवळी मातीही लाल होत नाही. पण मातीला अभ्रकासारखी अशी सोनेरी चमक नसते. आणि ज्या कामासाठी ते लावलं होतं ते काम बघितलं तर हा हरताळ असणार असं माझं मत आहे.

तर हरताळ. हे एक खनिज आहे. आर्सेनिकचे दोन अणू आणि गंधकाचे तीन, असं त्याचं सूत्र. वजनाने बघितलं तर जवळजवळ ६१ टक्के आर्सेनिक. नखाने ओरखडा पडेल इतकं मऊ, पापुद्रे निघतात, आणि रंग सोन्यासारखा पिवळा. गरम पाण्याचे झरे, ज्वालामुखीची तोंडं अशा ठिकाणी तयार होतं. आपला सह्याद्रीचा काळा पाषाण आणि आमच्याकडचा जांभा यांच्यासाठी हे परकं आहे. हिंदुस्थानात ते मुख्यतः बाहेरून यायचं: चित्रळच्या डोंगरांतून, युन्नानकडून ब्रह्मदेशमार्गे. म्हणजे आमच्या घरातली पिवळी रेघ हजारो किलोमीटर चालून नेसरीला आलेली असणार. खिंडीपेक्षा लांबचा प्रवास.

आता नाव. संस्कृतमध्ये हरिताल. ‘हरि’ म्हणजे पिवळा-हिरवा, आणि नुसतं ‘ताल’ हेही याच खनिजाचं नाव आहे. अमरकोशात याला पिंजर, पीतन, ताल, आल अशी नावं दिलीत. कौटिल्याच्या अर्थशास्त्रात खाणींच्या प्रकरणात धातूंची माती ओळखायला जे रंग सांगितलेत त्यांत हरिताल येतो. कालिदासाच्या कुमारसंभवात सातव्या सर्गात पार्वतीचं लग्न आहे. तिथे आई मेना ओला हरिताल आणि मनःशिला बोटांवर घेऊन मुलीच्या कपाळावर लावते. मनःशिला म्हणजे मनशीळ, तेही आर्सेनिक-गंधकच, पण लाल. आज ही गोष्ट कुठल्या ब्युटी चॅनलने करू नये!

गंमत म्हणजे संस्कृत कोशांत ‘हरिताल’ हे पिवळट-हिरव्या कबुतराचंही नाव आहे. आपला राज्यपक्षी हरियाल, पिवळ्या पायांचा. त्याचं नाव स्पर्धा परीक्षेसाठी आपण सगळ्यांनी पाठ केलंय. पक्षी आणि विष, दोघांना एकच शब्द, कारण रंग एक.

पश्चिमेकडे याच दगडाला लॅटिनमध्ये ‘ऑरिपिग्मेंटम’ म्हणायचे, सोन्याचा रंग. त्यावरून इंग्रजीत ‘ऑर्पिमेंट’. हा रंग बघून भले भले फसलेत. रोमन लेखक प्लिनी सांगतो की सम्राट कॅलिग्युलाने सोनं निघेल म्हणून ढीगभर हरताळ वितळवला. थोडंसं सोनं निघालं म्हणे, पण खर्च त्याहून जास्त झाला. इराणात याला ‘झर्निख’ म्हणतात, ‘झर’ म्हणजे सोनं, आपल्या जरीच्या साडीतलं तेच. या नावाच्या कुळातूनच ग्रीक ‘आर्सेनिकॉन’ आला आणि त्यातून आर्सेनिक. म्हणजे हरतालात आर्सेनिक सापडलं एवढंच नाही, तर आर्सेनिकला त्याचं नावच हरताळाकडून मिळालंय. आवर्त सारणीतला ३३ नंबर.

मग हा दगड पोथीत कशाला?

जुन्या काळी लिहायची शाई म्हणजे काजळी आणि डिंक. एकदा कागदावर बसली की खोडता येत नाही, खरवडलं तर कागद फाटतो. एखादं अक्षर राहिलं असेल तर काकपद, म्हणजे कावळ्याच्या पायासारखी खूण करून समासात लिहायचे. पण जास्तीचं लिहिलं गेलं तर? तर हरताळ घोटून, डिंकाच्या पाण्यात कालवून त्यावर फासायचा. जुना हातकागद मुळात पिवळट, कित्येकदा मुद्दाम पिवळा केलेला, त्यामुळे हरताळ त्यात मिसळून जायचा. वाळला की त्याच्यावर नवीन अक्षर लिहिता यायचं. शिवाय आर्सेनिक असल्यामुळे कसर, वाळवी दूर.

थोडक्यात, व्हाइटनर. शाळेत आपण ज्याने बाकावर नावं लिहायचो ते. अमेरिकेत टेक्सासच्या एका बँकेत टायपिस्ट असलेल्या बेट नेस्मिथ ग्रॅहमने १९५० च्या दशकात घरच्या मिक्सरमध्ये पांढरा रंग कालवून ते तयार केलं, आणि १९७९ मध्ये तिची कंपनी पावणेपाच कोटी डॉलरला विकली गेली. आपल्याकडच्या लेखकांना (म्हणजे पोथ्या उतरवणाऱ्यांना, लेखक या शब्दाचा जुना अर्थ तोच) हे शेकडो वर्षं माहीत होतं. पेटंट कुणी घेतलं नाही.

तर ‘हरताळ फासणे’ म्हणजे लिहिलेलं रद्द करणे. क्रियापद बघा. फासणे. काळं फासतात, शेंदूर फासतात, हरताळ फासतात. संप कसा फासणार? शब्दात उत्तर पडलेलं होतं, आपण फक्त बघितलं नाही.

आता ऑफिसातले ते चौघे अगदीच चूक होते का? नाही. हरताळ नावाचे दोन शब्द आहेत. दुसरा हरताळ म्हणजे बाजार बंद ठेवणं. तो ‘हट्ट’ म्हणजे बाजार आणि ‘ताल’ म्हणजे कुलूप यांच्यापासून आला. हट्टचा हाट झाला, तालकचं मराठीत टाळं झालं. हिंदीत हडताल, गुजरातीत हडताळ, आणि मराठीत ड चा र होऊन हरताळ. एकीकडून हरिताल घासत घासत हरताळ झाला, दुसरीकडून हट्टताल घासत घासत हरताळ झाला, दोघे येऊन एकाच नावावर बसले. आमच्याकडे याला नेमस्पेस कोलिजन म्हणतात आणि त्याने रात्रीची झोप जाते. मराठीने मात्र शेकडो वर्षं काही न बिघडता चालवून घेतलं, कारण एक फासायचा असतो आणि दुसरा पाळायचा. क्रियापद वेगळं, म्हणून काम चालतं.

या दुसऱ्या हरताळाने मोठी मजल मारली. ६ एप्रिल १९१९ ला रौलट कायद्याविरुद्ध गांधीजींनी देशभर हरताळ पाळायला सांगितला (दिल्लीत तो ३० मार्चलाच झाला, तारखेचा निरोप नीट पोचला नाही). त्यानंतर हा शब्द इंग्रजी कोशात गेला. २० ऑक्टोबर १९४७ ला मलायात हरताळ झाला, १२ ऑगस्ट १९५३ ला श्रीलंकेत झाला, आणि दोन्हीकडे त्याला हरताळच म्हटलं. केरळात तर १९९७ मध्ये हायकोर्टाने ‘बंद’ बेकायदा ठरवल्यावर पक्षांनी ‘हरताळ’ पुकारायला सुरुवात केली. नाव बदललं, शटर खालीच. मराठीत कामगारांसाठी ‘संप’ होता आणि राजकारणासाठी ‘बंद’ आला, त्यामुळे पाळायचा हरताळ हळूहळू मागे पडला. पण त्याचा अर्थ डोक्यात राहिला, आणि फासायच्या हरताळावर जाऊन बसला. म्हणून आजच्या मुलाला ‘नियमांना हरताळ’ म्हणजे नियमांनी संप केला असं काहीतरी अंधुक वाटतं.

मोल्सवर्थसाहेबाच्या १८५७ च्या मराठी कोशात हरताळ हे पिवळं खनिज म्हणून आहे. तेव्हाच्या वाचकाने ते बाजारात पाहिलं असणार, पोथीत पाहिलं असणार. वैद्याकडेही असायचं. रसशास्त्रात पापुद्र्यांचा तो पत्रताल आणि गोळ्याचा तो पिंडताल असे प्रकार केलेत, आणि शोधन केल्याशिवाय वापरायचा नाही हे बजावून सांगितलंय. तिथेही नावाचा एक घोळ आहेच. ‘गोदंती हरताळ’ म्हणून जे विकतात ते मुळात जिप्सम, खडूच्या जातीचं, त्यात आर्सेनिक नाही. एकाच आडनावाचे दोन जण, एक निरुपद्रवी आणि एक जहरी. नाव बघून काही तोंडात टाकू नका एवढंच म्हणेन.

पण मला सगळ्यात जास्त हलवलं ते चीनने. तिकडेही हेच! चिनी भाषेत हरताळाला ‘त्स्हुआंग’ म्हणतात आणि तिकडचा कागदही किड्यांपासून वाचवायला पिवळा रंगवलेला असायचा, त्यामुळे चूक झाली की त्यावर हरताळ. सहाव्या शतकात जिया स्सीश्ये नावाच्या माणसाने शेतीवर मोठा ग्रंथ लिहिला, त्यात पेरणी-नांगरणीबरोबर पुस्तकासाठी हरताळ कसा तयार करायचा याची कृतीसुद्धा आहे. आणि तिसऱ्या शतकात वांग येन नावाचा एक दरबारी विद्वान होता. प्रवचन करताना कुणी चूक दाखवली की तिथल्या तिथे आपलं म्हणणं बदलायचा. लोक म्हणायला लागले, याच्या तोंडातच हरताळ आहे. त्यावरून आजही चिनी भाषेत बेजबाबदार बडबडीला हरताळाचा वाक्प्रचार आहे.

एक दगड, एक उपयोग, दोन भाषा, दोन वाक्प्रचार. आणि अर्थ बघा कसे वेगळे वळले. चिनी माणसाला दोष दिसला तो सहज खोडण्याचा, सारखं म्हणणं बदलण्याचा. मराठीत दोष दिसला तो चांगलं लिहिलेलं पुसण्याचा. पोथीत हरताळ लावणारा माणूस चूक दुरुस्त करत होता, प्रामाणिक होता. वाक्प्रचारात मात्र हरताळ फासणारा नेहमी खलनायक असतो. कधीच कुणी म्हणत नाही, ‘सरकारने जुन्या अन्यायाला हरताळ फासला’. नियम, तत्त्वं, आश्वासनं, कष्ट, यांनाच फासतात. दुरुस्तीचं हत्यार मराठीत नासाडीचा शब्द कसा झाला याचं पक्कं उत्तर माझ्याकडे नाही. माझा अंदाज एवढाच की मोठी दुरुस्ती कुणाच्या तरी लिहिण्यावरच होत असते, आणि ज्याचं पुसलं जातं त्याचा आवाज जास्त मोठा असतो. कोड रिव्ह्यू केलेल्यांना पटेल.

सहाव्या शतकातच येन झितुई नावाच्या आणखी एका चिनी गृहस्थाने आपल्या मुलांसाठी उपदेशाचं पुस्तक लिहिलं. त्याचं म्हणणं होतं की जगातली सगळी पुस्तकं वाचून झाल्याशिवाय दुसऱ्याच्या लिखाणावर उगाच हरताळ लावायला जाऊ नये. मी हे वाचलं तेव्हा मला माझा फिल्टर आठवला. मी तर उलटं केलं होतं, दुसऱ्याने विचार करून लावलेला हरताळ न वाचताच काढला.

आणि हा फक्त माझ्या घरचा प्रश्न नाही, म्हणून हा भाग करतोय. आत्ता गावोगावी लोक पोथ्या, जुनी कागदपत्रं मोबाईलवर काढताहेत. चांगलंच आहे. पुण्यात भारत इतिहास संशोधक मंडळ १९१० पासून, भांडारकर प्राच्यविद्या संस्था १९१७ पासून हस्तलिखितं जमवताहेत, पण घराघरांत लाल फडक्यात बांधलेलं जे आहे ते आपल्याच हातात आहे. ते काळं-पांढरं करू नका. रंगीत फोटो काढा, पूर्ण रिझोल्यूशनचा, समासासकट. लाल अक्षर, पिवळा पट्टा, कोपऱ्यातली कावळ्याच्या पायाची खूण, हे सगळं मजकूरच आहे. उद्या कुणी यावरून मशीनला मोडी-देवनागरी वाचायला शिकवेल, तेव्हा तुमच्या पीडीएफमधल्या खोडलेल्या ओव्या न खोडलेल्या म्हणून शिकवल्या जातील.

दुसरी गोष्ट जरा काळजीची. आज्जीला सवय आहे, बोटाला थुंकी लावून पान उलटायचं. बऱ्याच घरांत आहे. हरताळ पाण्यात फारसा विरघळत नाही, त्यामुळे आज्जी इतकी वर्षं ठणठणीत आहे आणि घाबरून पोथी नदीत सोडायची गरज नाही. पण हरताळ उजेडात हळूहळू बदलतो, त्याचा पांढरा सोमल होतो, आणि तो विरघळतो. म्हणजे पावसाळा संपला की पोथ्यांना गच्चीवर ऊन दाखवायची जी पद्धत आहे, ती पिवळे पट्टे असलेल्या पोथीसाठी वाईट. रंगही जातो आणि विष मोकळं होतं. सावलीत वारा द्या. हात कोरडे ठेवा, नंतर साबणाने धुवा. पूड झटकू नका, फुंकू नका, आणि ‘जाळून बघू, वास कसा येतो’ हा प्रयोग तर अजिबात नको. पक्कं ओळखायचं तर क्ष-किरणांच्या यंत्राने कागदाला हात न लावता ओळखता येतं, संग्रहालयवाल्यांना विचारा.

आज्जीला हे सांगायला गेलो. म्हटलं, आज्जी, यात विष आहे, बोट तोंडात घालू नको. ती माझ्याकडे बघत राहिली. मग म्हणाली, ‘म्हणूनच कसर लागली न्हाई व्हय.’ तिला भीती वाटण्याऐवजी कोडं सुटल्याचा आनंद झाला. आता पान उलटायला वाटीत ओला कापूस ठेवलाय, पोस्टात तिकिटाला असतो तसा. वापरते की नाही, देव जाणे. मी पुण्याला आल्यावर आईला विचारतो तेव्हा आई नुसती हसते.

पोथी मी परत स्कॅन केली, रंगीत. तीन संध्याकाळी गेल्या. मोजले तर सगळ्या पोथीत अकरा ठिकाणी पिवळं निघालं. सात ठिकाणी एखाददुसरं अक्षर, तीन ठिकाणी शब्द, आणि एक ती पूर्ण ओवी. शेवटच्या अध्यायांत जास्त आहेत. रात्र झाली असेल, दिवा बारीक झाला असेल, किंवा घाई असेल. ज्याचं नावसुद्धा आम्हाला माहीत नाही त्याच्याबद्दल मला एवढं तरी कळलं, की तो शेवटी शेवटी दमला होता आणि तरी परत वाचून तपासत होता.

जुनी पीडीएफ ग्रुपवरून काढायचा प्रयत्न केला. दोन वर्षं झालेली, सगळ्यांसाठी डिलीट करायची मुदत कधीच संपली होती. ती झाली असती तर तिथे ‘हा मेसेज डिलीट केला आहे’ अशी राखाडी ओळ राहिली असती, म्हणजे पिवळा पट्टाच की. आता खाली मेसेज टाकलाय: ‘जुनी फाईल वापरू नका, नवीन घ्या.’ सतरा जणांनी वाचलाय. नवीन फाईल सहा जणांनी उतरवली. चुलतभावाच्या टॅबवर अजून जुनीच आहे, चार्जिंगला लावून ठेवलेला असतो, बघतो म्हणाला.

तुमच्या घरच्या पोथीत पिवळा पट्टा असेल तर फोटो पाठवा. रंगीत. पुढच्या भागात बहुतेक शिरगोळा घेऊ, रांगोळीवाला. येतो मग.